पाठराखा तारा

आमच्या घरमालकांच्या आभाळात एक तारा जास्त होता. तो तुमच्याआमच्या आभाळात नाही हे त्यांना पक्कं ठाऊक होतं आणि त्याचं त्यांना काडीइतकंही वाईट वाटत नसे. "तुमच्या आभाळात इमानं दिसत्यात न्हवं, त्येवढ्यावर भागवा," असं ते म्हणत. त्यांचा तारा तिकडच्या आभाळात होता. तिकडं म्हणजे एक सबंध देश. डोंगर, भाताची खाचरं, माणसं, राजा, भांडणं, सगळं असलेला. हा देश त्यांनी स्वतःच रचला होता आणि ही गोष्ट ते कुणापासून लपवत नसत. देशाला नाव मात्र नव्हतं. मी एकदा विचारलं तर म्हणाले, "तितल्या मानसांना ठावं हाय की आपुन कुटं ऱ्हातो ते. नाव काय परक्यासाठी ठेवायचं?" ताऱ्याला नाव होतं. पाठराखा.

मी पुण्याजवळ मारुंजीला त्यांच्या इमारतीत चौथ्या मजल्यावरच्या एका खोलीत राहत होते. आज दुसऱ्या शहरात, दुसऱ्या घरमालकांकडे राहते. हे गृहस्थ सज्जन आहेत, सोसायटीचे सेक्रेटरी आहेत, त्यांच्या आभाळात सगळे तारे जागच्या जागी आहेत. त्यांच्याविषयी मला दोन ओळींच्या वर लिहिता येणार नाही.

पहिल्यांदा खोली बघायला गेले तो दिवस आठवतो. हिंजवडीच्या आसपास एकटी मुलगी खोली शोधायला लागली की तिला काय काय विचारतात ते मी सांगायला नको. काकांनी (आम्ही सगळे भाडेकरू त्यांना काकाच म्हणायचो) एकच विचारलं, "गावाकडं वाट बघनारं कोन हाय तुझी?"

"आई."

"रोज फोन करती?"

"करते."

"मग ऱ्हा."

बाकीचा व्यवहार काकूंनी आतून सांगितला. पाणी सकाळी येतं, गाडी जांभळाखाली लावायची नाही, ओले कपडे गच्चीवर. काकू दिसल्या नाहीत, नुसता आवाज आला. मला वाटलं, एक माणूस खुळं आहे आणि एक शहाणं, म्हणजे घर चालेल.

जिथं आता ती चार मजली इमारत आहे तिथं पूर्वी त्यांचं आंबेमोहोराचं खाचर होतं. शेजारच्या खाचरात शोरूम आहे, त्याच्या पलीकडच्यात बिर्याणीचं दुकान. काकांनी अंगणातलं जांभूळ तेवढं राखलं होतं. त्याखाली प्लास्टिकची खुर्ची टाकून, टोपी मांडीवर ठेवून ते बसायचे आणि कामावरून येणाऱ्या प्रत्येकाला थांबवून तिकडची खबर द्यायचे. खबर रोज ताजी असे. तिकडं काल पूल वाहून गेला, तिकडं अमक्याच्या पोरीनं लग्नाला नकार दिला. आम्ही दिवसभर कंप्युटरपुढे बसून आलेलो असायचो. आम्हाला ती खबर बातम्यांपेक्षा बरी वाटायची.

पाठराख्याचा उगम साधा होता. काकांचं आजोळ पौडच्या पुढं, माले गावात. लहानपणी तिथं मामाची गुरं राखायला जात. "म्होरल्या जनावराला वाट ठावं असती," ते सांगायचे, "त्येच्याम्होरं कशाला चालायचं? गुराखी मागंच पायजे. लंगडी गाय मागं, गाभन म्हस मागं, येडं वासरू मागं. ज्येला राखायचं त्ये समदं मागंच असतंय." एवढ्याशा गोष्टीवर त्यांनी तारा उभा केला आणि ताऱ्यावर देश.

तिकडच्या आभाळात बाकी सगळे तारे उगवून चालू लागले की त्यांच्या मागून, एकटा, पाठराखा येतो. फार झळाळणारा नाही. पुढच्यांपैकी कुणी मागं राहिलं का ते बघत येतो. तो दिसला की प्रत्येक घरातलं एक माणूस दारात उभं राहून विचारतं, "कुनी मागं राहिलं का?" तीनदा विचारायचं. सगळे आत असतील तर दिवस संपला. एखादा यायचा असेल तर दार उघडं आणि दिवस चालूच. त्यामुळे तिकडं एका घरात सोमवार संपलेला असतो, आणि शेजारच्या घरातला पोरगा बाजाराहून यायचा असतो म्हणून तिथं अजून सोमवारच.

"मग काका, कॅलेंडर कसं छापतात?" आमच्या मजल्यावरच्या नागपूरच्या मुलानं विचारलं.

"छापत न्हाईत," काका म्हणाले.

सगळा देश त्या एका ताऱ्याभोवती बांधलेला होता आणि कुठंही सांधा सुटलेला सापडत नसे. आम्ही शोधायचा फार प्रयत्न केला. तिकडं लग्नात पहिलं ताट शेवटी आलेल्या पाहुण्याला. तिकडं चालायला उशिरा शिकणाऱ्या पोराचे पेढे वाटतात. तिकडं राजानं मिरवणुकीत सगळ्यांच्या मागून, सगळ्यांची धूळ खात चालायचं असतं, म्हणून राजा व्हायला कुणी फारसं तयार होत नाही आणि निवडणुकीचे बॅनर लागत नाहीत. तिकडची सगळ्यांत वाईट शिवी म्हणजे 'तुझी वाट बघनारं कुनी नसू दे'. ही शिवी दिली तर गावजेवण घालून माफी मागावी लागते. पाठराख्याचं देऊळ मात्र तिकडं नाही. एकदा बांधलं होतं म्हणे, पण दर्शनाच्या रांगेत पहिलं उभं राहायला कुणी मिळेना.

नागपूरकरानं एकदा फोनवरचा आकाशाचा नकाशा काढून त्यांच्यासमोर धरला. कुठल्या दिशेला कुठला तारा आहे ते तो फोन सांगत होता. "बघा काका, इथं तुमचा तारा नाही."

काकांनी चष्मा लावून नीट पाहिलं. "चांगला हाय रं नकाशा," म्हणाले, "पन हितला हाय."

हे नुसतं सांगण्यापुरतं असतं तर मी लिहायला बसले नसते. काका तसे वागायचे. गावात कुणाचीही वरात निघाली की काका सगळ्यांच्या मागे, म्हणजे बँडच्या, नाचणाऱ्या पोरांच्या आणि बायकांच्या मागे जो जनरेटरचा टेम्पो असतो, त्याच्याही मागे. डिझेलचा धूर खात, शांतपणे. पंगतीला शेवटी बसत, त्यामुळे जिलबी त्यांच्या पानात कधी पडलीच नाही. मतदानाला केंद्र बंद व्हायच्या बेताला जात. भाऊबंद त्यांना तोंडावर खुळा म्हणत. "जमिनीला भाव आला तवा आमच्या डोक्यात हवा गेली, ह्याच्या डोक्यात तारा गेला," असं त्यांचा चुलतभाऊ मला म्हणाला होता. काका हसले होते. आतून काकूंचा आवाज आला होता, "तिकडं सिलिंडर संपतो का, त्येवढं इचारा त्यास्नी."

काकूंच्या अशा टोमण्यांची आम्हाला सवय होती. तिकडं पाऊस पडल्याची खबर आली की आतून विचारणा व्हायची, वाळवणं कुणी काढली. तिकडं पाहुणे आले की, भाकऱ्या कुणी थापल्या. आम्ही हसायचो. काकाही हसायचे.

रविवारी चार वाजता जांभळाखाली चहा असायचा. सगळ्या भाडेकरूंना, फुकट. तिकडच्या रीतीप्रमाणे शेवटी येईल त्याला पहिला कप. ही रीत आम्हाला कळली त्याच्या पुढच्याच रविवारी घोळ झाला. काका खुर्चीत बसले, आतून ट्रे आला, आणि अंगणात चिटपाखरू नाही. नागपूरकर टेम्पोआड उभा होता, मी जिन्यात, दोघेजण पाण्याच्या टाकीमागे. प्रत्येकाला शेवटी यायचं होतं. चहावर साय धरली. शेवटी काका मोठ्यांदा म्हणाले, "जो मुद्दाम मागं ऱ्हातो त्येला तिकडं खोडकिडा म्हनत्यात. भाताच्या खोडात शिरून आतून खातो तो. या समदे खोडकिडे भाईर." आम्ही ओशाळून बाहेर आलो. मुद्दाम मागं राहिलेल्याचा मान धरत नाहीत, हा नियम त्या दिवशी आम्हाला पाठ झाला.

पण पाठराख्याची खरी करामत बैठकीत दिसे. इमारतीत भांडण झालं की काका बैठक घालत. तिकडच्या बैठकीत ज्याला जे बोलायचं ते बोलू द्यायचं, आणि सगळ्यांच्या शेवटी जो येईल त्याचा शब्द अखेरचा. तो लांबून येतो, नाहीतर ओझं घेऊन येतो, म्हणून उशीर होतो, असं त्यामागचं म्हणणं. एका उन्हाळ्यात पाण्यावरून वरच्या आणि खालच्या मजल्यांची जुंपली होती. तळमजल्यावर बिहारचा एक टेम्पोवाला राहायचा, तो पिरंगुटला माल टाकून सगळ्यांत शेवटी आला. काकांनी त्याला खुर्ची दिली आणि निकाल विचारला. त्याला भांडणाचा पत्ताच नव्हता. ऐकून घेऊन तो म्हणाला, "जिसको सबसे आख़िर में मिलता है, पहले उसी का भर दो." त्या दिवसापासून वरच्या मजल्याची टाकी आधी भरू लागली आणि भांडण मिटलं.

दर वेळी इतकं सरळ होत नसे. एकदा शेवटी आलेला माणूस पिऊन आला होता. त्यानं निकाल दिला की सगळ्यांनी आपापल्या गावी निघून जावं. काकांनी तोही शब्द मोडला नाही. "दिवाळीला जानारच हाय समदी, तवा पाळू," म्हणाले.

आता माझ्या नोकरीचं सांगते, कारण पुढचं सगळं तिच्यामुळे घडलं. मी मोबाइलवरचे खेळ बनवणाऱ्या एका कंपनीत कथा लिहायचे. म्हणजे खेळातल्या राक्षसाला राग का आला वगैरे ठरवायचे. नोकरी कायम झालेली नव्हती. आमचे साहेब नव्या खेळासाठी एक नवं जग शोधत होते, कुठल्याही परदेशी खेळातून न उचललेलं. काकांना विचारून मी तिकडच्या देशाबद्दल दहा पानं लिहून दिली. साहेब खूश झाले. त्यांना राजाची धूळ आवडली, शिवी आवडली, न संपणारा सोमवार तर फारच आवडला.

"एकच अडचण आहे," ते म्हणाले. "यात हीरो नाही. आपण असं करू, हा तारा एका मुलाला निवडतो. शूर मुलगा, सगळ्यांच्या पुढे असणारा. ताऱ्याचा प्रकाश त्याच्यावर पडतो, तिथून खेळ सुरू. तू काकांना समजाव. हे जमलं तर तुझं कन्फर्मेशन मी लगेच करतो. नाही जमलं तर मग बघावं लागेल."

मी काकांना सांगितलं. त्यांना मोह झाला नसेल असं मी म्हणणार नाही. ज्याला गावानं आयुष्यभर खुळा म्हटलं त्याचा देश फोनाफोनांत जाणार होता, चुलतभावाची नातवंडं तो खेळणार होती.

"पोरी, तारा निवडायला लागला तर संपलंच की," काका म्हणाले. "ज्येला निवडला न्हाई त्येनं मग कुनाकडं बघायचं?"

"मग नाही म्हणून सांगू?"

"तसं कसं? तारा काय माझ्या एकल्याचा हाय? तिकडच्या समद्यांचा हाय. बैठक घालू. साहेबास्नी बी बोलव."

रविवारी बैठक ठरली. सगळे भाडेकरू आले. चुलतभाऊ मजा बघायला दोघातिघांना घेऊन आला. मी घड्याळाकडे बघत होते. साहेब आले नव्हते. त्यांचा फोन आला की चौकात अडकलोय, गाडी इंचभर हलत नाही. हिंजवडीकडून येणाऱ्या माणसाचं हे नेहमीचंच. मी काकांना सांगितलं, "साहेबांना जरा उशीर होईल, बाकी सगळे आलेत."

काकांनी माझ्याकडे पाहिलं. "म्हंजी तेच शेवटी यायचे," म्हणाले.

तोवर ते माझ्या लक्षातच आलं नव्हतं. ज्याला तारा बदलायचा होता त्याच्याच हाती अखेरचा शब्द जाणार होता. माझी नोकरी कायम होणार होती, तरीही मी पुढे झाले. "काका, ते पाहुणे आहेत," मी म्हटलं, "त्यांचं धरू नका."

"पाव्हना लांबनं येतो म्हनून तर शेवटी येतो. त्येच्याचसाठी केलेला नेम हाय ह्यो."

नागपूरकर उठला. "मी दूध घेऊन येतो, दहा मिनिटांत," म्हणाला आणि फाटकाकडे निघाला.

"खोडकिडा," काका म्हणाले. तो मुकाट्यानं खाली बसला.

साहेब आले ते घामाघूम, गाडी लांब लावून, लॅपटॉपची बॅग खांद्यावर. काकांनी आपली खुर्ची त्यांना दिली आणि रीत समजावून सांगितली. साहेबांना आधी खरं वाटेना. "म्हणजे मी म्हणेन तेच ठरणार?"

"तुमी म्हनाल त्येच."

साहेब तसे भले गृहस्थ. त्यांना अवघडल्यासारखं झालं. म्हणाले, "काका, मला तुमच्या ताऱ्याबद्दल पूर्ण आदर आहे. पण शेवटी हे सगळं काल्पनिक आहे. थोडं इकडचं तिकडे केलं तर कुणाचं काय बिघडतं? तेव्हा माझं म्हणणं असं की—"

"थांबा," काका म्हणाले. "आदी इचारावं लागतं."

ते फाटकाकडे तोंड करून उभे राहिले. "कुनी मागं राहिलं का?" सगळे म्हणाले, नाही. त्यांनी पुन्हा विचारलं. सगळे पुन्हा म्हणाले, नाही. तिसऱ्यांदा विचारताना त्यांचा आवाज इतका खाली गेला होता की मला मान वर करून बघवेना. माणसाच्या जन्माची कमाई अशी रस्त्यावरच्या ट्रॅफिकपायी जाते आहे आणि तो स्वतःच्या नियमाला धरून उभा आहे, हे बघणं सोपं नव्हतं.

"मी राहिले," मागून आवाज आला.

काकू ट्रे घेऊन उंबऱ्यात उभ्या होत्या. कुणाला ते उत्तर वाटलंच नाही. एकानं तर सवयीनं कपासाठी हात पुढे केला.

"अगं, थांब जरा," काका म्हणाले. "बैठक चाललीय."

"ठावं हाय. म्हनूनच म्हनतीया. मी राहिले."

"तू तर घरातच व्हतीस."

"व्हय, घरातच व्हते. दर बैठकीला घरातच असते. तुमी फाटकाकडं त्वांड करून इचारता, कुनी मागं राहिलं का. आन् समदी म्हनत्यात न्हाई. मी तुमच्या पाठीमागं गॅसपाशी उभी असते."

"तुला यायला नगं कोन म्हनलं?"

"ये बी कुनी म्हनलं न्हाई. चहा टाक म्हनलं."

इतके रविवार मी तो चहा प्यायले होते. ट्रे आतून येतो एवढंच मला माहीत होतं. चुलतभाऊ मिशीत हसून म्हणाला, "आता बायकूचं ऐकून निकाल फिरवतुया का?"

काकांनी त्याच्याकडे पाहिलंही नाही. ते काकूंकडे बघत होते. मला वाटलं, चिडतील. निदान नियमातली एखादी फट काढतील, घरातल्याला मागं राहिलेला म्हणत नाहीत वगैरे. देश त्यांचा होता, नवा नियम काढायला त्यांना कोण अडवणार होतं? पण त्यांनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली.

"पाठराखा मागनं बघतो," ते म्हणाले. "मी एवढी वर्सं म्होरंच बघत राहिलो." मग साहेबांकडे वळून, "सायेब, उठा. खुर्ची हिची. शब्द हिचा."

साहेब चटकन उठले. काकू खुर्चीत बसल्या खऱ्या, पण ट्रे तसाच मांडीवर धरून. तो मीच मग हातातून काढून घेतला. हात कुठे ठेवावेत ते त्यांना कळत नव्हतं. बोलायला लागल्या तेव्हा मात्र एकदाही अडखळल्या नाहीत.

"त्यो समद्यांच्या मागनं चालतो, व्हय न्हवं? आन् ह्यांचा शूर पोरगा समद्यांच्या म्होरं पळनार. मग ताऱ्याला त्येची नुसती पाठ दिसनार. त्वांड बघितल्याबिगर निवडंल कसा? आन् निवडत बसला, तर मागची मानसं मोजील कोन? त्या लंगड्या म्हातारीला घरी कोन पोचवंल, ती पुलापल्याडची?"

पुलापलीकडच्या लंगड्या म्हातारीची गोष्ट काकांनी एकदाच, फार पूर्वी सांगितली होती. आम्ही सगळे ती विसरलो होतो. काकू भिंतीआडून सगळा देश ऐकत आल्या होत्या.

"तारा हाय तसा ऱ्हाऊ द्या," त्या म्हणाल्या. "निवडायचं न्हाई."

"ठरलं," काका म्हणाले. त्यांनी ट्रेमधला पहिला कप उचलून काकूंच्या हातात दिला. काकूंनी घोट घेतला, जरा थांबल्या आणि म्हणाल्या, "गरम असल्यावर बरा लागतोय की ह्यो."

तेव्हा मात्र मला रडू आलं, आणि मी ते लपवलं नाही. त्या जांभळाखाली बसलेल्या माणसांपैकी एक असल्याचा मला जो अभिमान त्या दिवशी वाटला, तसा पुढे कुठल्याही बक्षिसानं किंवा बढतीनं वाटलेला नाही.

तो खेळ बनला नाही. साहेबांनी महिनाभर विचार केला आणि दुसरंच जग घेतलं, त्यात ड्रॅगन होते. माझी नोकरीही कायम झाली नाही. आईला फोनवर सांगितलं तर ती म्हणाली, एका चांदणीपायी? मी म्हटलं, हो. त्यानंतर मी मारुंजीत होते तोवरच्या सगळ्या बैठकांत काकू बाहेर खुर्चीत असायच्या. चहा आम्ही पाळीपाळीनं टाकायचो. काकांची पाळी असली की तो पिववत नसे, पण पहिला कप ज्याच्या वाट्याला येई तो निमूट प्यायचा.

त्या संध्याकाळी साहेबांना गाडीपर्यंत सोडायला मी आणि काका गेलो. काका अर्थातच दोन पावलं मागून. गाडीचं दार उघडून साहेब थांबले. त्यांना राग आलेला नव्हता, नवल वाटत होतं.

"काका, खरं सांगा," ते म्हणाले. "सगळं तुम्हीच रचलंय. एवढ्या लोकांसमोर स्वतःची चूक कबूल करण्यापेक्षा एक नियम जरासा वाकवायचा होता. काल्पनिक ताऱ्यासाठी एवढं कशाला?"

काकांनी टोपी डोक्यावर नीट बसवली. मी त्यांना इतकं ताठ उभं राहिलेलं कधी पाहिलं नव्हतं.

"म्या रचला, म्या वाढवला," ते म्हणाले, "आन् आज समद्यांदेखत त्यो माझ्यावर उलटला. खोटा असता, सायेब, तर माझ्या बाजूनं बोलला असता."